जुलैत मल्हार गाऊ नये

जुलैच्या दुसऱ्या पंधरवड्यात कोल्हापुरात कुणी मल्हार, म्हणजे पावसाचा राग, गाऊ नये, असं माझं ठाम मत आहे. इतरत्र खुशाल गावा. जतला, आटपाडीला, त्या दुष्काळी भागात तर गवयाला वाजतगाजत न्यावं आणि रात्रभर गाववून घ्यावं. पण इथं नको. त्या दिवसांत इथली माणसं डोळे उघडले की चहाच्या आधी पंचगंगेवरच्या राजाराम बंधाऱ्याची पातळी बघतात. ३९ फूट म्हणजे इशारा, ४३ फूट म्हणजे धोका, हे शाळकरी पोरांनाही तोंडपाठ. राधानगरीचा कितवा स्वयंचलित दरवाजा उघडला, एका दरवाजातून १४२८ क्युसेक तर सातही उघडल्यावर किती, हा हिशेब आमच्या गल्लीच्या तोंडाशी बसणारी भाजीवालीसुद्धा बोटांवर करते. २०१९ साली आणि पुन्हा २०२१ साली पंचगंगेनं ५५ फूट ओलांडले, शिरोलीजवळ महामार्ग पाण्याखाली गेला, आणि दूध-पेट्रोलसाठी रांगा लागल्या. अशा गावात जुलैत बसून मियाँ मल्हारचा कोमल गंधार आंदोलत ठेवणं म्हणजे निव्वळ बेजबाबदारपणा.

गाण्यानं कुठं पाऊस पडतो का, असं तुम्ही म्हणाल. नाही पडत, ठाऊक आहे. पण पडत असता तर? हा प्रश्न बरीच वर्षं माझ्या डोक्यात ठाण मांडून आहे, आणि त्याला खतपाणी घालायचं काम आमचे अण्णा करतात. अण्णा तबलजी. शेजारीच राहतात. आता साथीला फारसे जात नाहीत, पण कट्ट्यावर बसून येणाऱ्या-जाणाऱ्याच्या चालीला ठेका लावायची सवय सुटलेली नाही. माझं गाणं म्हणजे लहानपणी बाईंकडे शिकलेलं आणि पुढं बँकेच्या नोकरीत बासनात गेलेलं. तेव्हा या लेखात कुठं अधिकारवाणी दिसली तर ती अण्णांची समजावी.

दंतकथा आपल्याकडे ढीगभर आहेत. तानसेनानं दीपक गायला, दिवे आपोआप लागले आणि त्याचंच अंग भाजून निघालं. मग वडनगरच्या ताना आणि रिरी या दोघी बहिणींनी मल्हार गाऊन त्याचा दाह शमवला. मालकंस मध्यरात्री गाऊ नये, भुतं ऐकायला येतात, हे तर जुन्या गवयांच्या घरी आजही हळू आवाजात सांगतात. (आमच्याकडे, म्हणजे इथल्या जयपूर-अत्रौली घराण्यात, संपूर्ण मालकंस गातात, त्यात एरवी वर्ज्य असलेले रिषभ आणि पंचमही लागतात. अण्णांचा हिशेब असा, की पाच सुरांना एक भूत येत असेल तर सातांना सगळं खानदान यायला पाहिजे.)

या कथांमध्ये मला नेहमी एक खोट दिसते. रागातच जर ती ताकद असेल, तर गाण्याच्या परीक्षेच्या दिवशी दर हॉलमध्ये ढगफुटी व्हायला हवी. पन्नास पोरी एकामागून एक तोच मल्हार घोटतात आणि बाहेर कडक ऊन. म्हणजे नुसत्या सुरांनी काही होत नाही. यावर अण्णांनी एकदा सुपारी कातरता कातरता निकाल दिला. "सूर न्हवं पोरी, गुंता. सरळ गाण्याला दुनिया भीक घालत न्हाई. गाठीवर गाठ, गाठीवर गाठ, अशा पुरेशा गाठी पडल्या की मग हलते."

तेव्हापासून आम्ही या काल्पनिक प्रकाराला 'पीळ' म्हणतो. गाणं एका मर्यादेपलीकडे गुंतागुंतीचं झालं, की ज्या जागी ते चाललंय तिथल्या वास्तवाला पीळ पडतो. चार घरांपुरता, फार तर एका पेठेपुरता. गाणं थांबलं की हळूहळू उलगडतो. साध्या भजनानं पडत नाही, बँडनं पडत नाही, आणि डॉल्बीनं तर फक्त खिडक्यांच्या काचा हलतात.

हे एकदा गृहीत धरलं, की पीळ कुठं पडणार याचा वेगळा शोध घ्यायला नको. तो कोल्हापुरातच पडणार. शाहू महाराजांनी अल्लादियाखाँसाहेबांना दरबारी गायक म्हणून इथं ठेवून घेतलं आणि जयपूर-अत्रौली घराण्याचं गाणं या मातीत रुजलं. मंजीखाँ, भुर्जीखाँ ही त्यांची मुलं. मल्लिकार्जुन मन्सूर आधी मंजीखाँकडे आणि ते गेल्यावर भुर्जीखाँकडे शिकले. हिंदुस्थानी गाण्यात सगळ्यात जास्त वळणं कुणाच्या गाण्यात असतील तर ती या लोकांच्या. इथली तान शिडीसारखी सरळ चढत-उतरत नाही. ती मात्रेमात्रेला दिशा बदलते, मागं वळते, मधलाच एखादा सूर टाळून पलीकडच्याला शिवते, आणि ऐकणारा पुरता हरवला असं वाटेपर्यंत बरोब्बर मुखड्यावर येऊन समेला, म्हणजे तालाच्या पहिल्या मात्रेला, टेकते. पुन्हा राग निवडायचे ते अनवट. नटकामोद, बिहागडा, खट, बसंती केदार. लोकांना एक राग धडपणे सांभाळत नाही, ही मंडळी दोन-दोन एकत्र विणतात. गाण्याच्या मैफली भरवणारा इथला देवल क्लब तर १८८३ पासूनचा. एवढ्या काळात तिथं जे गायलं गेलं त्यानं खरोखर पीळ पडत असता, तर खासबागेच्या परिसरात आज एक रस्ता सरळ राहिला नसता. (तसे ते नाहीतच, पण त्याची कारणं महापालिकेला विचारावीत.)

मग आम्ही खेळ लावतो. समजा, एखादी हट्टी गायिका संध्याकाळी सातला ललत घेऊन बसली. ललत पहाटेचा. त्यात शुद्ध आणि तीव्र असे दोन्ही मध्यम शेजारी-शेजारी लागतात, आणि त्या दोघांच्या मधल्या फटीतच त्याचा सगळा उजेड. बाईंनी मध्यमांची गुंफण तासभर नेटानं चालवली आणि गंगावेशीत पीळ पडला. रंकाळा तलावाच्या बाजूला मावळलेला सूर्य राहिला बाजूला, इकडं पूर्वेला फटफटायला लागलं. गंगावेशीच्या दूधकट्ट्यावर म्हशी आल्या. गिऱ्हाइकं पेले घेऊन धारोष्ण दुधाला उभी राहिली. पेपरवाल्या पोराची पंचाईत, आजचा अंक टाकायचा की उद्याचा? रात्रपाळीला निघालेला माणूस अर्ध्या वाटेतून परत फिरला आणि रात्रपाळी झाली असं बायकोला पटवून झोपला. मी एवढ्यावर खूश होते. अण्णांचा मात्र आक्षेप. म्हशीनं नुकतीच संध्याकाळची धार दिलेली, ती लगेच पुन्हा कशी देईल? पीळ आभाळाला पडेल, कासेला कसा पडेल? बराच वेळ डोकं खाजवल्यावर त्यांनीच तोडगा काढला. "म्हशीला ताल कळतो, राग न्हाई. ती फसायची न्हाई."

बसंती केदारचा प्रकार याहून अवघड. जोडरागात दोन राग शेजारी उभे करायचे नसतात, ते एकमेकांत असे मुरवायचे की सांधा दिसता कामा नये. हे गाण्यातलं तत्त्व पिळाला लावलं की काय होतं बघा. गायक चांगला असेल, तर रंकाळ्याच्या चौपाटीवर फिरायला गेलेला माणूस सहज चार पावलं टाकतो आणि पंचगंगेच्या घाटावर निघतो. त्याला जाणवतही नाही. कासारी, कुंभी, तुळशी, भोगावती आणि गुप्त सरस्वती मिळून पंचगंगा होते, मग रंकाळा कुठं संपला आणि नदी कुठं लागली हे कशाला विचारायचं? पण गायक कच्चा असेल तर सांधा उघडा पडतो. मग एक पाय भेळेच्या गाडीपाशी आणि दुसरा घाटाच्या ओल्या पायरीवर, असं त्या बिचाऱ्याला गाणं संपेस्तोवर ताटकळत राहावं लागतं. आमच्या ओळखीच्या काही कलाकारांची अशी काल्पनिक गिऱ्हाइकं आम्ही मोजूनही झालोय. नावं सांगत नाही. गावात राहायचंय.

मला स्वतःला सगळ्यात आवडतो तो किरणोत्सवाचा पीळ. नोव्हेंबरमध्ये आणि जानेवारी-फेब्रुवारीच्या संधीला मावळतीची किरणं महाद्वारातून थेट अंबाबाईच्या गाभाऱ्यात शिरतात. पहिल्या दिवशी पायांवर, मग कमरेवर-छातीवर, मग मुखावर. ज्यानं कुणी हे देऊळ बांधलं त्याच्या हिशेबाला तोड नाही. शेकडो वर्षं सूर्य वर्षातून दोनदा बरोब्बर समेवर येतो. अलीकडं मात्र समोरच्या वाटेवरल्या बांधकामांची आणि हवेतल्या धुरळ्या-ढगांची अडचण होते. कधी किरणं कमरेपर्यंत पोचतात आणि तिथंच विरतात. मग हळहळ, पाहणी, मोजमाप, दुसऱ्या दिवशी पेपरात फोटो. पीळ खरा असता तर उपाय सोपा होता. मारवा. सूर्यास्ताचा राग, पंचम वर्ज्य, षड्जावर येऊन टेकायचंही तो टाळत राहतो. सतत काहीतरी अडवून धरलंय, चुकवून पलीकडं जायचंय, अशीच त्याची चाल. महाद्वारात बसून नीट गायला, तर उजेड इमारतीच्या कोपऱ्याला वळसा घालून आत जाईल आणि देवीच्या कपाळावर थांबेल.

हे सांगितल्यावर अण्णा म्हणाले, "आणि मग त्या जागेची निविदा निघंल."

खरं आहे, निघेलच. पीळ सिद्ध झाल्यावर पहिल्या पावसाळ्यातच आदेश येईल. 'धोका पातळी ओलांडली असताना पाणलोट क्षेत्रात मल्हार व त्याचे सर्व प्रकार गाण्यास, वाजविण्यास तथा गुणगुणण्यास मनाई.' गौड मल्हार त्यात येतो की नाही यावर कोर्टात वाद. नद्यांच्या संगमावरल्या प्रयाग चिखलीत एक पथक, संशयित सुरांसाठी. उन्हाळ्यात उलट. दुष्काळी तालुक्यांत गवयांचे दौरे, बिदागी मिलीमीटरवर, पर्जन्यमापकाच्या नोंदीशिवाय बिल मंजूर नाही. बँकेत आयुष्य गेल्यामुळं मला त्या फॉर्मचे रकानेसुद्धा दिसतात. राग, ताल, अपेक्षित परिणाम, प्रत्यक्ष परिणाम, तफावतीची कारणे.

इथवर हसायला येतं. पण हा खेळ मी नेटानं पुढं नेते तेव्हा त्यातली मैफल मला बघवत नाही. गायिका गातेय आणि समोर बसलेल्यांपैकी एकाचंही तिच्याकडं लक्ष नाही. सगळ्यांच्या माना खिडकीकडं. आलं का? भरून आलं का? कोमल निषादानंतर शुद्ध निषाद तिनं कसा लावला, दोन निषादांच्या मधे केवढी जागा ठेवली, हे ऐकायला कुणी नाही. ढग आले की लोक उठणार, छत्र्या उघडून घरी. गाणं अर्धं राहिलं तरी चालेल, काम झालं. असल्या गाण्याला पंपाची किंमत येईल, आणि पंपाइतकाच मान. आज देवल क्लबात कुणी अनवट राग घेऊन बसतं तेव्हा बाहेर काही म्हणजे काहीही होत नाही. रिक्षा चालू असतात, शेजारच्या घरातला कुकर शिट्या देतो. म्हणून तर आतली माणसं आत बघतात. मला वाटतं, तानसेनाच्या गोष्टी रचणाऱ्यांनी गाण्याचा मोठेपणा सांगण्याच्या भरात त्याला नोकरीला लावलं.

तरी एक रात्र अशी आहे, की जिच्यासाठी मी हे सगळं म्हणणं मागं घ्यायला तयार असते. ८ ऑगस्ट २०२४. दुसऱ्या दिवशी गायक-नट संगीतसूर्य केशवराव भोसल्यांची जयंती, आणि आदल्या रात्री त्यांच्या नावाचं नाट्यगृह पेटलं. शाहू महाराजांनी बांधलेलं, एकेकाळचं पॅलेस थिएटर. शेजारी खासबाग मैदान. कुस्ती आणि गाणं पाठीला पाठ लावून बसवायची कल्पना त्या राजालाच सुचावी. माणसं रस्त्यावर उभी राहून रडत होती, त्यात नट होते, तसेच आयुष्यात एखादंच नाटक बघितलेलेही होते. अण्णांनी त्या रंगमंचावर किती रात्री साथ केली होती कोण जाणे. नंतर बऱ्याच दिवसांनी मी त्यांना विचारलं, पीळ असता तर त्या रात्री तरी मल्हार चालला असता ना? ते थट्टा करतील असं वाटलं होतं. केली नाही. त्यांनी खरोखर हिशेब केला. "विलंबितात गायला तर मल्हार उभा राहायलाच अर्धा तास. पीळ पडंपर्यंत तास. आगीला एवढा दम कुठला? आणि द्रुतात गायला तर गुंता व्हायचा न्हाई." मग थोड्या वेळानं, "आणि ठेका धरायला हात थिर राहायला नगोत व्हय?"

खरं तर उलटा प्रवास जास्त विश्वास ठेवण्याजोगा आहे, आणि तो या गावाच्या इतिहासातच आहे. गाण्यानं जग बदललं हे कुणी पाहिलेलं नाही. जगानं गाणं बदललं, हे मात्र घडलंय. अल्लादियाखाँसाहेब तरुणपणी अमलेटा संस्थानात होते. तिथल्या राजाला गाण्याचं वेड, गाववून घ्यायचा ते तासन्‌तास. त्या अतिश्रमानं त्यांचा आवाज बसला, तो पहिल्यासारखा परत आलाच नाही, असं सांगतात. सुरेल, मोकळा गळा गेला. दुसरा कुणी असता तर तंबोरा खुंटीला टांगला असता. त्यांनी उरलेल्या आवाजाला काय झेपेल ते बघून गायकी नव्यानं बांधली. सरळ लांबलचक सुरावर उभं राहायची चैन परवडत नव्हती म्हणून लयीच्या अंगानं, वळणावळणानं जाणारं गाणं. ज्या गुंत्यामुळं आभाळ फिरेल म्हणून आम्ही कट्ट्यावर गमजा करतो, तो गुंता एका फुटलेल्या गळ्यातून आला. ही गोष्ट मला दीपकाच्या गोष्टीपेक्षा कितीतरी मोठी वाटते. तिच्यात दिवे लागत नाहीत एवढंच.

आणि ज्यांना काही तरी चमत्कार हवाच असेल त्यांनी मिरजेला जावं. इथून तासा-दीड तासाची वाट. तिथल्या तंबोऱ्यांना आणि सतारींना २०२४ मध्ये भौगोलिक मानांकन मिळालं, त्याच्या कितीतरी आधीपासून देशभरचे गवई तिथं भोपळे पारखायला येतात. एखाद्या कारागिराला जवारी काढताना, म्हणजे तारेचा झंकार जुळवताना बघावं. तारा जिच्यावर टेकतात त्या घोडीचा माथा तो कानसीनं इतका हलका घासतो की आपल्याला काही फरक दिसत नाही. मग तारेखाली सुताचा दोरा सरकवतो, किंचित इकडं, किंचित तिकडं, आणि एका जागी तार अचानक बोलायला लागते. तंबोऱ्याच्या चार तारा. पंचम, दोन जोडीचे षड्ज आणि खर्ज, म्हणजे खालचा षड्ज. गंधाराची तार नसते. बाईंनी मला पहिल्यांदा नुसतं ऐकत बसायला लावलं तेव्हा बऱ्याच वेळानं वर कुठंतरी कुणी बारीक आवाजात गंधार धरल्यासारखं वाटलं. मी मागं वळून पाहिलं. कुणी नव्हतं. बाई हसल्या आणि म्हणाल्या, "आला का? आता त्याला विसरायचं नाही." स्वयंभू गंधार म्हणतात तो हाच. खर्जाची तार एका वेळी एकाच गतीनं थरथरत नाही. दुप्पट, तिप्पट, चौपट, पाचपट अशा अनेक कंपनांची ती मोळी असते, आणि त्यातलं पाचपटीचं कंपन म्हणजे दोन सप्तकं वरचा शुद्ध गंधार. एरवी तो दबलेला असतो. जवारीच्या उतरत्या माथ्यावर तार घासत-सुटत राहते म्हणून तो वर येतो. कुणी न छेडलेला सूर खोलीत हजर होतो, आणि तुम्ही मापून घेतलात तर यंत्रालाही सापडतो. पीळ पडल्याचा एवढाच पुरावा माझ्याजवळ आहे. चार तारा, एक दोरा.

काळाचं मात्र मी यंत्रानं सिद्ध करू शकत नाही. विलंबित त्रितालाच्या सोळा मात्रा, मुखडा, सम, पुन्हा मुखडा. चौथ्या-पाचव्या आवर्तनाला गायकाच्या आधी तुमची मान समेकडं निघालेली असते. तो मुद्दाम आडवळणानं जातो, उशीर करणार असं दाखवतो, तुम्ही श्वास धरता, तो येतो, आणि तोंडून "वा" निघून जातो. घड्याळ बघाल तर वीस मिनिटं झालेली. ती तुमच्यावरून गेलीच नाहीत. अण्णा याला पीळ मानायला तयार नाहीत. त्यांच्या मते घड्याळ हाच पीळ आहे, आवर्तन सरळ आहे.

या सगळ्या चर्चेत एकदा मी त्यांना केसरबाईंची गोष्ट सांगितली. केसरबाई केरकर लहानपणी काही महिने कोल्हापुरात अब्दुल करीम खाँसाहेबांकडं शिकल्या, पुढं त्यांना अल्लादियाखाँसाहेबांची तालीम मिळाली. १९७७ साली अमेरिकेनं व्हॉयेजर यानांवर सोन्याचा मुलामा दिलेली तबकडी बसवून अंतराळात सोडली, जगभरातलं निवडक संगीत भरून. त्यात भारताचं एकच गाणं, केसरबाईंची भैरवी, 'जात कहाँ हो'. साडेतीन मिनिटं. व्हॉयेजर-१ नं ५ सप्टेंबरला उड्डाण केलं आणि १६ सप्टेंबरला केसरबाई गेल्या. ते यान २०१२ मध्ये सूर्याच्या प्रभावक्षेत्राबाहेर पडलं, अजून जातच आहे. मला त्यातली मौज अशी वाटते, की घराण्याचे एवढे गुंत्याचे राग पडले होते आणि पाठवली ती भैरवी, मैफल आटोपताना गातात ती. तिकडं कुणी ऐकलंच तर त्यांची सुरुवात शेवटापासून. बरंच झालं म्हणा. नटकामोद पाठवला असता तर तिकडच्या ग्रहांची काय दशा झाली असती!

अण्णांनी सगळं नीट ऐकून घेतलं. सूर्यमाला, सोनं, साडेतीन मिनिटं. मग विचारलं, "तबल्याला कोण होतं?"

मी म्हटलं, यादीत फक्त गायिकेचं नाव आहे.

"बघ," अण्णा म्हणाले. "सूर्याच्या भायेर गेला तरी तबलजीचं नाव न्हाई ते न्हाईच."